वरच्या मजल्यावरच्या काकांना, सर हंफ्रीसाठी थँक्यू

काका, सा. न. वि. वि.

समोर येऊन सांगितलं तर तुम्ही "बास रे, चहा घे" म्हणून विषयच कट करता, म्हणून इथे चारचौघांत लिहितोय, आता करा काय करायचं ते.

बारावीनंतर माझी इंग्लिश म्हणजे आनंदच होता. तुम्ही मंत्रालयातून नुकतेच रिटायर झालेले, आणि संध्याकाळी यस मिनिस्टर या ब्रिटिश विनोदी मालिकेच्या सीडी लावून बसायचात. पहिल्या दिवशी मला ओ की ठो कळलं नाही. तो नट निगेल हॉथॉर्न, मंत्र्याचा सचिव सर हंफ्री झालेला, एका दमात एवढं लांबलचक वाक्य बोलायचा की शेवट येईपर्यंत सुरुवात विसरायला व्हायची, आणि तुम्ही पॉज करून सांगायचात, "एवढंच म्हणतोय की हे काम होणार नाही. आता आवाज बंद करून नुसता चेहरा बघ." मग परत मागे नेऊन लावायचात. मंत्री काहीतरी नवीन खूळ काढतो, आणि हा नाही म्हणतच नाही, भुवई जराशी वर, ओठ मुडपलेले, आणि मग मधात घोळलेलं "येस मिनिस्टर". ते ५०० कर्मचारी आणि पेशंट शून्य असलेलं हॉस्पिटल आलं तेव्हा हसता हसता तुम्हाला ठसका लागला, काकू पाणी घेऊन धावल्या आणि तुम्ही म्हणालात, "अगं, ही आपलीच फाईल आहे!"

तुमच्यामुळेच कळलं की हा हॉथॉर्न १९२९ सालचा, जन्म कॉव्हेंट्रीचा, वाढला केपटाऊनला, नशीब काढायला लंडनला आला, जमेना म्हणून परत गेला, पुन्हा आला, आणि घरोघरी माहीत झाला १९८० मध्ये, म्हणजे पन्नाशीत! मग याच सर हंफ्रीच्या रोलसाठी चार बाफ्टा, म्हणजे ब्रिटनचे सिनेमा-टीव्हीचे मोठे पुरस्कार. 'गांधी'तला त्याचा छोटासा रोल तुम्ही टीव्हीवर बोट टेकवून दाखवलात, नाहीतर मी कशाला ओळखतोय. स्टॅलोनच्या डिमॉलिशन मॅनमधला व्हिलन मात्र मी शोधला हां, ते क्रेडिट माझं.

आणि १९९४ च्या 'द मॅडनेस ऑफ किंग जॉर्ज' पिक्चरमधला त्याचा तो वेडा झालेला राजा जॉर्ज. त्याला धरून खुर्चीत बांधतात तेव्हा तुम्ही पॉज केलं नाहीत, काही समजावलंही नाहीत. गरजच नव्हती. ऑस्कर टॉम हँक्सला गेलं याचा राग तुम्हाला अजून आहे, मलापण.

पुढे नोकरीच्या इंटरव्ह्यूला समोरच्या साहेबांनी इंग्लिशमध्ये एक जिलेबी पाडली, मी घाबरलो नाही, मनात पॉज केलं, चेहरा बघितला आणि मुद्दा सापडला. नोकरी लागली. पेढे दिले होते, पण का ते सांगायचं राहिलं होतं.

आता पिक्चर बघताना हिरो सोडून त्याच्या बाजूला कोण उभंय तेच बघत बसतो, बायको वैतागते.

काकूंना नमस्कार. आणि तिसरी सीडी सापडत नाही म्हणत होतात ना, ती माझ्याकडेच आहे. प्रकरण विचाराधीन आहे.