हा हिशेब दुखण्याला लावू नका

ति. आई-अण्णा,
साष्टांग नमस्कार.

फोनवर मी लिफ्ट बंद आहे, नळाला पाणी नाही असं सांगत होते, तेव्हा अण्णा एवढंच म्हणाले, "टँकर तरी येतोय ना?" ते मनात राहिलं, म्हणून लिहितेय.

खरं आहे तुमचं. इथं पुण्यात तासभर पाणी गेलं तरी सोसायटीच्या ग्रुपवर भांडणं जुंपतात. आणि आपल्या आटपाडी तालुक्यात १९७२ च्या दुष्काळात आज्जी खडी फोडायला जायची. सुकडी आणि अमेरिकेतून आलेल्या लाल मिलो ज्वारीच्या भाकरीवर घर चाललं. तेव्हा अण्णा शाळेत होते. २०१३ ला तर तुम्ही दोघं जनावरांसोबत चारा छावणीतच राहायला गेलात. वर ताडपत्री, चारा मोजून मिळायचा, पाण्याला रांग. मी भेटायला आले तेव्हा आईनं तिथंच तीन दगडांवर चहा केला आणि गाय चांगली रवंथ करते म्हणून खुशीत होती. आता टेंभू सिंचन योजनेचं पाणी आलंय, डाळिंबाला ठिबक आहे, तरी ते दिवस तुमच्या अंगातून गेलेले नाहीत. लिफ्टसारख्या गोष्टीवर चिडायचं नाही, हे मी तुमच्याकडूनच घेतलंय.

पण हाच हिशेब तुम्ही स्वतःच्या दुखण्याला लावता, ते मला मुळीच पटत नाही. अण्णा, बांधावरून घरी येईपर्यंत तुम्हाला दम लागतो, मध्ये दोनदा बसावं लागतं, हे आईनं सांगितलं म्हणून कळलं. "छावणीत काढलंय, एवढ्यानं काय होतंय," असं म्हणू नका. लिफ्ट आज ना उद्या दुरुस्त होते. दम लागण्याचं तसं नाही, आणि तुम्हाला साखर आहे. साखरेच्या माणसाला छातीत न दुखताही हृदयाचा त्रास होऊ शकतो. कधी नुसता दम लागतो, घाम येतो, थकवा वाटतो. दुष्काळ सोसला म्हणून हे किरकोळ होत नाही.

शनिवारी मी येतेय, आपण मिरजेला जाऊ. त्याआधी दम वाढला किंवा बसल्या जागी लागायला लागला, तर माझी वाट बघू नका, लगेच दवाखाना गाठा. जुने रिपोर्ट आणि चालू गोळ्यांची पाकिटं एका पिशवीत काढून ठेवा. आई, तुझ्या गुडघ्याचा एक्स-रेही त्याच दिवशी काढू. शेळ्यांचं कारण सांगू नकोस, शेजारच्या काकूंशी मी बोललेय, त्या बघतील.

तुमची थोरली