खरूज-नायट्याचा डॉक्टर

चि. निनाद यास,
अनेक आशीर्वाद.

परवा फोनवर तू म्हणालास, "आई, मी काय, खरूज-नायट्याचा डॉक्टर." हसत म्हणालास, पण मला लागलं. लग्नाच्या पंगतीत काकांनी मारलेला टोमणा तू अजून मनात धरून आहेस तर. तेव्हा उत्तर सुचलं नाही, म्हणून आज लिहायला बसले.

आम्ही बायका अझरबैजानला, बाकूला गेलो होतो तेव्हाचं आहे हे. सुराखानीच्या आतेशगाहमधल्या (म्हणजे अग्निमंदिरातल्या) देवनागरी शिलालेखांचे फोटो मी तुला पाठवले होते. (तिथे 'श्री गणेशाय नम:' वाचून आमच्यातल्या दोघी फुगडी घालायच्याच राहिल्या.) बीबी-हेयबातच्या मशिदीचं मात्र सांगायचं राहून गेलं. बीबी म्हणजे त्यांच्याकडे आत्या. समोर कॅस्पियन, आसपास तेलाच्या विहिरी. गाईड मुलगी म्हणाली, ही मशीद नवी आहे, 1990च्या दशकातली. जुनी 1936 साली सोव्हिएत सरकारने सुरुंग लावून उडवली. मग तिने मोबाइलवर एक चित्र उघडून नव्या मशिदीसमोर धरलं. 1907 सालचं, जुन्या मशिदीचं. उन्हात स्क्रीन दिसेना, तर तिने ओढणीची सावली केली. मी विचारलं, चित्रकार कोण? ती म्हणाली, "डॉक्टर. त्वचारोगांचे."

मला तूच आठवलास.

त्यांचं नाव अली बे हुसेनजादे. जन्म 1864, अझरबैजानमधल्या साल्यानचा. वाढले तिफ्लिसला (आजचं तिबिलिसी) आजोबांकडे. आजोबा कॉकेशसचे शेख-उल-इस्लाम, म्हणजे तिथल्या मुसलमानांचे मोठे धर्माधिकारी. नातू पीटर्सबर्गला भौतिकशास्त्र-गणित शिकला आणि 1889मध्ये इस्तंबूलला जाऊन लष्करी वैद्यकीय शाळेत पुन्हा पहिल्यापासून विद्यार्थी झाला. तुझ्या त्या एका वर्षाच्या ड्रॉपवरून मी किती बोलले होते, आठवतं? त्याच शाळेत त्याच वर्षी पोरांनी सुलतान अब्दुल हमीदविरुद्ध गुप्त संघटना काढली होती. हे त्याच गोतावळ्यात. 1897च्या ग्रीस-तुर्कस्तान युद्धात जखमींवर उपचार केले, पुढे त्याच शाळेत त्वचारोग शिकवायला लागले. सुलतानाच्या हेरांचा जाच वाढला, तेव्हा 1903मध्ये बाकूला परतले.

तिथे तेलसम्राट तागियेव यांच्या पैशावर त्यांनी 'फुयूजात' नावाचं मासिक चालवलं, 1906-07मध्ये, 32 अंक. तुर्कपण, इस्लाम आणि युरोपची आधुनिकता या तिन्ही गोष्टी आपल्याला हव्यात, हे त्यांचं म्हणणं. आजच्या अझरबैजानच्या झेंड्यातले निळा, लाल, हिरवा हे रंग त्याच विचाराचे. पण खरं सांगू, मासिकाची भाषा मला पटत नाही. इस्तंबुली वळणाची, अरबी-फारसी शब्दांनी भरलेली. बाजारातल्या माणसाला ती कळत नसे. त्याच काळात तिफ्लिसहून 'मोल्ला नसरेद्दीन' नावाचं साप्ताहिक निघत होतं, साध्या बोलीत, व्यंगचित्रांसकट. मी तिथे असते तर तेच विकत घेतलं असतं.

1910मध्ये ते पुन्हा इस्तंबूलला गेले ते कायमचेच. 1920मध्ये बाकूत लाल फौज आली आणि घर परमुलुख झालं. मला सगळ्यात चटका लावणारं साल मात्र 1926. त्या वर्षी बाकूत तुर्कविद्येची, म्हणजे तुर्की भाषा-लोकांच्या अभ्यासाची, मोठी परिषद भरली, तिला हे तुर्कस्तानातून पाहुणे म्हणून आले. मासिक चालवलं तेच गाव, सगळं ओळखीचं, आणि आपण पाहुणे! त्याच वर्षी तुर्कस्तानात राष्ट्राध्यक्ष मुस्तफा कमालला (अतातुर्कला) इझमीरमध्ये मारण्याच्या कटात त्यांना आरोपी केलं. निर्दोष सुटले, पण साठी उलटलेला माणूस रे. 1940मध्ये इस्तंबूललाच वारले. जुनी मशीद त्याआधी चार वर्षांपूर्वीच पडली होती. ती बातमी कानावर आली तेव्हा त्यांना काय वाटलं असेल, हे बसमध्ये माझ्या डोक्यातून जाईना.

आता दुसरं. तू बारावीला असताना तुझी रंगांची पेटी मी माळ्यावर टाकली होती, "डॉक्टर हो, मग काढ चित्रं" म्हणून. तू डॉक्टर झालास, एमडीला लागलास, आणि पेटीचं नाव तूही काढलं नाहीस, मीही नाही. काल बाबांना शिडी धरायला लावून ती खाली काढली. निळी आणि एक पिवळी सोडली तर सगळ्या ट्यूबा दगड झाल्यात. ब्रश ठीक आहेत, एकाला झुरळांनी कुरतडलंय.

गाईडच्या मोबाइलचा मी काढलेला फोटो सोबत पाठवते. हलला आहे, आणि कोपऱ्यात माझा अंगठा आलाय.

नवे रंग आणून ठेवू, की तू दिवाळीला आलास की जाऊ या दोघं? मला त्यातलं काही कळत नाही, उगाच भलतेच आणीन.

जेवण वेळेवर करत जा. नाइट ड्यूटीला थर्मास ने.

तुझी,
आई