‘झेरॉक्स’ म्हणजे ‘नक्कल’ नव्हे

महोदय,

जमिनीच्या अर्जासोबत ‘फेरफाराची प्रमाणित प्रत जोडा’ असे छापले होते. भावाने घरातल्या फेरफाराची, म्हणजे जमिनीच्या हक्कातील बदलाच्या नोंदीची, झेरॉक्स काढली, तिच्यावर ओळखीच्या मुख्याध्यापकांचा सही-शिक्का घेतला. खिडकीवरून अर्ज परत! त्याने आणली होती साक्षांकित प्रत, म्हणजे मुळाशी ताडून पाहिल्याची सही असलेली. प्रमाणित प्रत मूळ दस्तऐवज ज्याच्या ताब्यात आहे, त्या कार्यालयानेच द्यायची असते. हा फरक अर्जावर एका ओळीत लिहिला असता, तर एस.टी.ची एक फेरी वाचली असती.

जुन्या नकलांवर, म्हणजे कचेरीने दिलेल्या प्रमाणित प्रतींवर, ‘अस्सल बरहुकूम नक्कल’ असा शेरा असे. अस्सल म्हणजे मूळ, बरहुकूम म्हणजे त्याप्रमाणे. शब्द फारसी वळणाचे, पण घोटाळ्याला जागा नाही. आता ‘नक्कल’ म्हटले की पोरांना परीक्षेतली कॉपी आठवते! कार्यालय स्वतःकडे ठेवते ती ‘स्थळप्रत’, हा सुरेख शब्द तर कचेरीबाहेर कुणाला माहीत नाही.

‘झेरॉक्स’ला माझा विरोध नाही. ते कंपनीचे नाव. मुळात ग्रीक ‘झेरॉस’, म्हणजे कोरडे. चेस्टर कार्लसन यांनी १९३८मध्ये ओल्या शाईऐवजी भुकटीने पहिली प्रत उमटवली, म्हणून. दुकानात ‘छायाप्रत द्या’ म्हणून पाहिले. दुकानदाराने विचारले, ‘फोटो पासपोर्ट साइजचा का?’

– एक वाचक, सातारा