हिरड्याच्या पोत्यावर गावाचे नाव हवे
मा. वनमंत्री महोदय यांना खुले पत्र

प्रति,
मा. वनमंत्री महोदय,
महाराष्ट्र राज्य, मंत्रालय, मुंबई

विषय: वनौषधींच्या व्यापारातील कायदेशीर वाटा गावापर्यंत पोहोचण्यासाठी मालाच्या मूळ गावाची नोंद सक्तीची करण्याबाबत

महोदय,
सादर नमस्कार.

भीमाशंकरच्या डोंगररांगेत, आंबेगाव तालुक्याच्या पश्चिम पट्ट्यात वसलेल्या एका आदिवासी गावच्या जैवविविधता व्यवस्थापन समितीची मी सदस्य आहे. आमच्या पट्ट्यातील महादेव कोळी कुटुंबांच्या हातात पावसाळ्याआधी जो थोडाफार रोख पैसा येतो, तो मुख्यतः बाळहिरड्याचा असतो. बियाणे, मुलांच्या वह्या, आषाढाचे धान्य हे सगळे त्याच पैशातून भागवावे लागते. या हिरड्याबाबतची एक मागणी आपल्यापुढे मांडण्यासाठी हे पत्र लिहीत आहे आणि ती सर्वांना वाचता यावी म्हणून ते उघडपणे लिहीत आहे.

चैत्र सरता सरता हिरड्याला फळ धरते. आठळी कठीण होण्याच्या आत ते काढले तरच तो बाळहिरडा. पुढे तोच चांभारी हिरडा होतो, झाडावर पुरता पिकला की सुरवारी होतो, आणि या प्रत्येकाचे गिऱ्हाईक वेगळे, भाव वेगळा. आमच्या वाडीतील एक आजी फळाला अंगठ्याचे नख लावून पाहते आणि या झाडाचे आज उतरवा, पलीकडच्याला अजून चार दिवस द्या, असे सांगते. तिचा अंदाज चुकल्याचे मला आठवत नाही. मग गडी माणसे फांद्यांवर चढून फळे झोडतात, आम्ही बायका-मुले खाली वेचतो आणि माल कातळावर किंवा सारवलेल्या अंगणात पसरून वाळवतो. वळवाची एक सर आली तरी सगळा माल बुरसटतो, म्हणून त्या दिवसांत रात्रीही घरातले कोणीतरी आभाळाकडे डोळा ठेवून असते. झाडावरून पडून कायमचे जायबंदी झालेले लोक आमच्या वाडीत आहेत. कुठले झाड दर वर्षी धरते, कुठले एका वर्षाआड धरते आणि कुठल्या झाडाला देवराईतले म्हणून हात लावायचा नाही, हे आम्ही शाळेत शिकलेलो नाही.

वाळलेला हिरडा पोत्यात भरला जातो आणि आठवडे बाजारात किंवा दारात आलेल्या व्यापाऱ्याच्या काट्यावर चढतो. तिथून पुढे त्या पोत्याला गाव राहत नाही. आमचे पोते आणि जुन्नर, खेड, अकोले या तालुक्यांकडची पोती एका ढिगात रिकामी होतात, मोठ्या शहरातील घाऊक पेठेत त्याचा फक्त ‘हिरडा’ होतो आणि त्रिफळा चूर्णाच्या डबीपर्यंत तो पोहोचतो तेव्हा तो कोणत्या डोंगरातून आला हे डबी भरणाऱ्यालाही सांगता येत नाही. माझे सारे म्हणणे या एका जागेशी येऊन थांबते.

कायद्याने आम्हाला वाटा दिलेला आहे. १९९२ च्या रिओ येथील जैवविविधता करारानंतर भारताने २००२ साली जैविक विविधता कायदा केला. चेन्नईला राष्ट्रीय प्राधिकरण, आपल्या राज्याचे मंडळ नागपूरला आणि प्रत्येक स्थानिक संस्थेत आमच्यासारखी समिती, अशी त्याची रचना आहे. जैविक संसाधनाचा व्यापारी वापर करणाऱ्याने लाभाचा न्याय्य वाटा द्यावा, हे या कायद्याचे मुख्य सूत्र आहे. देशी कंपन्यांना ते लागू आहे की नाही, हा वाद उत्तराखंड उच्च न्यायालयाने डिसेंबर २०१८ मध्ये दिव्य फार्मसी या आयुर्वेदिक औषध कंपनीच्या याचिकेवर निकाल देऊन मिटवला आणि देशी कंपन्यांनाही वाटा द्यावा लागेल, असे स्पष्ट केले. २०२५ च्या नव्या विनियमांनुसार वार्षिक उलाढाल पाच कोटींपेक्षा जास्त असलेल्या उत्पादकाने उलाढालीच्या टप्प्यानुसार ०.२ ते ०.६ टक्के इतका वाटा द्यायचा आहे. म्हणजे शंभर रुपयांच्या विक्रीमागे वीस ते साठ पैसे. ही रक्कम फार मोठी आहे असे कोणी म्हणू शकणार नाही, आणि आम्ही ती वाढवून मागण्यासाठी लिहीत नाही.

आमचा प्रश्न असा आहे की ते वीस पैसे कोणाच्या खात्यावर जमा व्हायचे? संसाधन अमुक व्यक्तीकडून किंवा समूहाकडून घेतले हे दाखवता आले तर रक्कम थेट त्यांना देता येते, अन्यथा ती निधीत जाते, अशी कायद्याची व्यवस्था आहे. आमच्या समितीचे बँक खाते उघडले, त्याला आता काही वर्षे झाली. पासबुक मीच सांभाळते. त्यात व्याजाच्या नोंदींखेरीज काहीही नाही. आमच्या डोंगरातून दर हंगामात हिरडा जातो, हे तालुक्यात सर्वांना ठाऊक आहे. पण सर्वांना ठाऊक असणे वेगळे आणि कागदावर असणे वेगळे, आणि आमचे गाव कागदावर नसल्यामुळे आम्ही हक्कदार ठरू शकत नाही.

केरळमधील कानी आदिवासींचे उदाहरण या विषयावरील प्रत्येक भाषणात दिले जाते. १९८७ साली अगस्त्यमलईच्या जंगलात वैज्ञानिकांना वाट दाखवणारे कानी एक रानफळ खाऊन न थकता चालत होते. त्या वनस्पतीपासून तिरुवनंतपुरमच्या संस्थेने ‘जीवनी’ हे औषध तयार केले आणि परवाना शुल्कातील व स्वामित्वधनातील निम्मा वाटा कानींच्या विश्वस्त संस्थेला देण्याचे ठरवले. तेव्हा आजचा कायदाही अस्तित्वात नव्हता. तरीही ते घडू शकले, कारण माहिती कोणी दिली, कुठे दिली आणि कोणत्या वनस्पतीची दिली, हे देणाऱ्याला आणि घेणाऱ्याला दोघांनाही माहीत होते. पुढे त्या वाटपावरून कानींमध्येच मतभेद झाले, सर्वांना विचारले नव्हते अशी तक्रारही आली, आणि तो धडासुद्धा आम्ही लक्षात ठेवला आहे. पण सुरुवात झाली ती ओळख पटल्यामुळे. हिरड्याच्या व्यापारात ही ओळख पहिल्याच काट्यावर पुसली जाते.

२०२३ च्या दुरुस्तीने यात आणखी एक अडचण आणली आहे, तिच्याकडे मी आपले विशेष लक्ष वेधते. ही दुरुस्ती १ एप्रिल २०२४ पासून लागू झाली. तिने संहिताबद्ध, म्हणजे ग्रंथांत लिहिलेल्या, पारंपरिक ज्ञानाला आणि लागवड केलेल्या औषधी वनस्पतींना सूट दिली आहे. हिरडा म्हणजे हरीतकी, आणि ती आयुर्वेदाच्या ग्रंथांत आहे, त्यामुळे हिरड्यावर वाटा देण्याचा प्रश्नच नाही, असा अर्थ कोणी लावू लागला तर आमच्या हाती काही उरणार नाही. ग्रंथातील ज्ञान सर्वांचे आहे, ते वापरल्याबद्दल आम्ही काही मागत नाही. परंतु ग्रंथातून फळ मिळत नाही. फळ आमच्या डोंगरातील झाडावर लागते, आणि ते झाड आजवर उभे राहिले कारण आमच्या आज्या-पणज्यांनी त्याच्यावर कुऱ्हाड चालू दिली नाही. ज्ञानाला दिलेली सूट ही त्या ज्ञानात उल्लेखलेल्या प्रत्येक रानातील वनस्पतीला आपोआप मिळत नाही, हे राज्य शासनाने निःसंदिग्ध शब्दांत सांगितले पाहिजे आणि गरज पडल्यास केंद्राकडून तसा खुलासा मागवला पाहिजे.

लागवडीच्या सुटीचेही तसेच आहे. आमच्याकडे हिरड्याची पुष्कळ झाडे मालकीच्या जमिनीत, बांधावर आणि वरकस रानात आहेत. ती कोणी लावलेली नाहीत, आपोआप उगवली आणि राखली गेली. उद्या सातबाऱ्याचा उतारा दाखवून हाच माल लागवडीचा म्हणून नोंदवणे व्यापाऱ्याला अवघड नाही. या सुटीसाठी मूळस्थानाचे प्रमाणपत्र देण्याचे काम कायद्याने आमच्यासारख्या समित्यांकडेच सोपवले आहे, आणि हे वाचल्यावर मला फार वाईट वाटले. वाटा माफ करण्यासाठी गावाचे प्रमाणपत्र चालते. मग वाटा मिळवण्यासाठी गावाचे प्रमाणपत्र का असू नये?

म्हणून आमची मागणी अशी आहे. हिरडा, बेहडा, शिकेकाई अशा रानातून गोळा होणाऱ्या औषधी मालाच्या पहिल्या खरेदीच्या पावतीवर ग्रामपंचायतीचे नाव लिहिणे सक्तीचे करावे आणि ते नाव मालाबरोबर कारखान्याच्या दारापर्यंत जावे. हे अशक्य नाही. आदिवासी विकास महामंडळाच्या एकाधिकार खरेदीत माल विकणाऱ्याची नोंद होतच आली आहे. तोच शिस्तीचा कागद खासगी व्यापाऱ्याच्या वहीला लावायचा आहे. अनेक गावांचा माल एकत्र झाला तर वजनाच्या प्रमाणात वाटा विभागता येतो, हा हिशोब आमच्या बचत गटातील बायका दर महिन्याला करतात. त्याचबरोबर राज्य मंडळाकडे कोणत्या वर्षी किती वाटा जमा झाला आणि त्यातला किती कोणत्या तालुक्यात उतरला, हे दर वर्षी मराठीत प्रसिद्ध व्हावे.

गावातील जैवविविधता आणि तिच्याबद्दलचे लोकांचे ज्ञान जिच्यात लिहायचे, त्या लोक जैवविविधता नोंदवहीबद्दलही लिहिणे भाग आहे. राष्ट्रीय हरित लवादाने या वह्या पूर्ण करण्यासाठी ३१ जानेवारी २०२० ही मुदत घातली आणि ती चुकल्यास राज्यांना दरमहा दहा लाख रुपये भरण्याचा आदेश दिला. त्यानंतर सगळीकडे नोंदवह्यांची घाई झाली. आमच्या गावात माहिती घेणारे लोक आले, ग्रामपंचायतीत बसले आणि दुपारनंतर निघून गेले. ती वही आज कपाटात आहे. त्यात हिरड्यासमोर ‘उपयोग: औषधी’ एवढेच दोन शब्द आहेत. नख लावून फळ ओळखणाऱ्या आजीकडे कोणी गेले नाही. ती आता ऐंशीच्या पुढे आहे. या वह्या ग्रामसभेच्या देखरेखीखाली, गावच्याच तरुण मुला-मुलींना मानधन देऊन, निदान एक पूर्ण वर्षाचे ऋतुचक्र पाहून नव्याने लिहून घ्याव्यात.

मात्र वही नीट लिहिली की तिची राखणही करावी लागते. सह्याद्रीतील नरक्याचे झाड आपल्या खात्याला चांगले माहीत आहे. नंदुरबारमध्ये जन्मलेले रसायनशास्त्रज्ञ मनसुख वाणी आणि त्यांचे सहकारी मन्रो वॉल यांनी १९६६ साली अमेरिकेत एका चिनी झाडातून कॅम्प्टोथेसिन वेगळे केले. पुढे १९७२ मध्ये तेच द्रव्य आपल्या नरक्यात असल्याचे भारतीय शास्त्रज्ञांनी दाखवले आणि त्यापासून कर्करोगावरची औषधे झाली. त्यानंतर कोल्हापूर-सिंधुदुर्गाच्या जंगलात नरक्याची चोरटी तोड सुरू झाली. अशा झाडाची नेमकी जागा नोंदवहीत लिहून ती कोणालाही पाहायला ठेवली तर ती वहीच चोराला वाट दाखवील. वन हक्क कायदा, २००६ ने जैवविविधतेशी निगडित पारंपरिक ज्ञानावर ग्रामसमाजाचा सामूहिक हक्क मान्य केला आहे. त्यामुळे नोंदवहीतील कोणता भाग खुला ठेवायचा आणि कोणता गावाच्या परवानगीशिवाय दाखवायचा नाही, हे ठरवण्याचा अधिकार ग्रामसभेकडेच असावा.

यातील पावतीच्या मागणीसाठी कायदा बदलण्याची वाट पाहावी लागेल, असे मला वाटत नाही. आपल्या विभागाच्या आणि राज्य मंडळाच्या आदेशाने सुरुवात होऊ शकते, आणि ती आंबेगाव, जुन्नर, खेड व अकोले या चार तालुक्यांपुरती, एका हंगामासाठी, फक्त हिरड्यापासून करून पाहिली तरी पुष्कळ आहे. त्यासाठी लागणारा पावतीचा नमुना आमच्या समितीने तयार केला असून तो आपल्या कार्यालयाकडे स्वतंत्रपणे पाठवत आहोत. हिरडा चैत्रात धरतो, म्हणून आदेश फाल्गुनाच्या आत निघावा, ही विनंती.

आपली विश्वासू,
सदस्य, जैवविविधता व्यवस्थापन समिती
ता. आंबेगाव, जि. पुणे