रोटावेटर मोडतो तो मातीमुळे नव्हे

संपादक महोदय,

सोयाबीन निघाले की सांवेर, देपालपूर, महूकडच्या शेतांत रोटावेटर, म्हणजे ट्रॅक्टरच्या मागे जोडलेली, फिरत्या पात्यांनी माती भुसभुशीत करणारी यंत्रे, फिरू लागतात. मागोमाग तुटलेले क्रॉस (शाफ्टच्या टोकांच्या सांध्यातले अधिक-चिन्हाच्या आकाराचे तुकडे) आणि फुटलेले गिअरबॉक्स दुरुस्तीला येतात. दोष काळ्या मातीवर नाहीतर 'हलक्या माला'वर ढकलला जातो. पण आधी ट्रॅक्टरची ताकद रोटावेटरच्या गिअरबॉक्सला पोचवणारा शाफ्ट पाहावा.

सहा दात्यांचा पीटीओ, म्हणजे शाफ्ट जिथे जोडतात तो ट्रॅक्टरच्या मागचा फिरता दांडा, मिनिटाला 540 फेरे घेतो, म्हणजे सेकंदाला 9. तिरपा क्रॉस ही गती एकसारखी पुढे देत नाही. प्रत्येक फेऱ्यात दोनदा वेग वाढतो, दोनदा घटतो. दुसऱ्या टोकाचा क्रॉस हा चढउतार मोडून काढतो, पण मधल्या नळ्यांवरचे दोन्ही योक (क्रॉस धरणारे दुहेरी कान) एका रेषेत असले तरच. ग्रीस लावून चौकोनी नळी परत घालताना ती पाव फेरा फिरली, की सेकंदाला 18 हिसके थेट गिअरबॉक्सला बसतात. मग ग्रीसचा काय उपयोग?

दुसरी गोष्ट लांबीची. रोटावेटरसोबत येणारा शाफ्ट प्रत्येक ट्रॅक्टरला बेताचा नसतो. पीटीओ आणि गिअरबॉक्स समान उंचीवर आले की अंतर बहुधा सर्वांत कमी होते. तेव्हा नळीचे टोक आत टेकले तर धक्का पीटीओच्या बेअरिंगवर जातो. उलट शाफ्ट सर्वांत जास्त ताणला जाईल तेव्हाही नळ्या निदान एक तृतीयांश एकमेकींत असायला हव्यात. कापायचा तर आतली-बाहेरची नळी आणि दोन्ही प्लॅस्टिक कव्हरे सारखीच कापावीत, कड कानसीने घासावी. विक्रेत्यांनी हे माप ट्रॅक्टरला जोडून घ्यावे आणि मगच यंत्र ताब्यात द्यावे, एवढी मागणी काही फार नाही.

बांधावर वळताना पीटीओ चालूच ठेवून रोटावेटर पूर्ण उचलण्याची सवय क्रॉसचा जीव घेते. आधी पीटीओ बंद करावा, मग उचलावा.

शिअर बोल्ट तर मोडण्यासाठीच असतो! दगड अडला की तो तुटतो आणि गिअर वाचतात. दोनदा तुटला म्हणून त्या जागी जास्त कडक बोल्ट ठोकला, की पुढचा दगड गिअरबॉक्समधल्या पिनियनचे, म्हणजे लहान गिअरचे, दाते घेऊन जातो. बोल्टच्या डोक्यावरचा आकडा पुस्तिकेतल्या आकड्याशी जुळवून पाहावा. माती जड लागली तर इंजिन पळवण्याऐवजी खालचा गिअर टाकावा. पीटीओच्या 540 फेऱ्यांची खूण ट्रॅक्टरच्या मीटरवर असते.

खरेदीच्या वेळी इंजिनचे एचपी विचारून थांबू नये. पीटीओवर त्याहून कमी शक्ती मिळते. बुदनीच्या केंद्रीय कृषी यंत्र परीक्षण संस्थेच्या अहवालात ती दिलेली असते.

आणि शाफ्टवरचे कव्हर 'ग्रीस द्यायला अडचण' म्हणून काढून फेकू नका. उपरण्याचे किंवा साडीचे टोक त्यात सापडले, तर क्लचवर पाय जाईपर्यंत शाफ्टचे कित्येक फेरे झालेले असतात. कव्हरची साखळी ट्रॅक्टरला अडकवलेली हवी, नाहीतर कव्हरही शाफ्टबरोबर फिरते.

– एक वाचक, इंदूर