स्क्रीन माझ्याकडे फिरवणाऱ्या मॅडमना

मॅडम,

सप्रेम नमस्कार.

मागच्या सोमवारी कंदी पेढ्यांचा पुडा घेऊन तुमच्या शाखेत गेले होते. तुमच्या खुर्चीवर दुसरेच कोणी साहेब बसलेले. शिपाईमामा म्हणाले, "त्यांची बदली होऊन दोन महिने झाले. विदर्भातच कुठंतरी मिळाली वाटतं." नेमकं गाव त्यांनाही माहीत नव्हतं. पुडा हातात तसाच धरून एसटी स्टँडपर्यंत चालत आले आणि बाकड्यावर बसल्यावर डोळे भरून आले. दोन वर्षं "जाऊ, जाऊ" म्हणत राहिले आणि उशीर झाला. म्हणून हे पत्र उघड्यावर लिहिते आहे. कुणी ओळखीचं वाचेल, तुमच्यापर्यंत पोचवेल.

तुम्हाला मी आठवणार नाही. रोज किती माणसं समोर बसत असतील! मी जिल्हा परिषदेची शिक्षिका. एप्रिल २०२३ मधली दुपार होती, पेपर तपासणीचे दिवस, अर्धी किरकोळ रजा टाकून पावणेचारला धापा टाकत आले होते. हातात प्लॅस्टिकची निळी फाईल. मोबाईलवर बँकेचा इंग्रजीतला मेसेज आला होता, त्यात माझ्या कर्जाचे उरलेले महिने लिहिले होते : २१३.

दोन वर्षांपूर्वी मी १८० महिन्यांचं कर्ज घेतलं होतं. त्यातले २४ हप्ते एकही न चुकता भरले होते. उरले १५६. मग २१३ कुठून आले?

हाच प्रश्न मी तुमच्याआधी चार ठिकाणी विचारला होता. ज्या माणसानं बिल्डरच्या ऑफिसात बसून माझ्या पस्तीस-चाळीस सह्या घेतल्या होत्या, त्याला फोन केला. तो म्हणाला, "मॅडम, हप्ता वाढलाय का? नाही ना? मग टेन्शन कशाला घेता?" काउंटरवरच्या एकांनी "सिस्टीमनं केलंय, आमच्या हातात काही नाही" असं सांगितलं. एक साहेब मोबाईलवरून नजर न उचलता म्हणाले, "सगळ्यांचंच वाढलंय." ग्राहक सेवेच्या नंबरवर वीस मिनिटं गाणं ऐकलं आणि फोन कट झाला. एकानंही खोटं सांगितलं नाही, हे मी कबूल करते. हप्ता खरंच एक रुपयानंही वाढला नव्हता. पण त्या अर्ध्या खऱ्यात माझं वाढतं वय दडलं होतं, आणि ते दाखवायची तसदी एकानंही घेतली नाही. त्याचा राग आजही गेलेला नाही.

तुमच्यासमोर बसले तेव्हा मी भांडायच्या तयारीनंच आले होते. तुम्ही आधी पाण्याची बाटली पुढे सरकवलीत. खाते क्रमांक टाकलात. थोडा वेळ वाचलंत, आणि मग विचारलंत, "ताई, रिटायर कधी होणार तुम्ही?"

तोवर माझ्या निवृत्तीची चौकशी बँकेतल्या कुणीच केली नव्हती.

मी सांगितलं, मे २०३६. कर्ज घेताना आम्ही दोघांनी एवढंच पाहिलं होतं की शेवटचा हप्ता मार्च २०३६ ला जावा, म्हणजे निवृत्तीला घर मोकळं. मी २००६ ला शिक्षणसेवक म्हणून लागलेली, १ नोव्हेंबर २००५ नंतरची, जुनी पेन्शन नसलेल्यांतली. आमच्या पिढीला म्हातारपणी डोक्यावर हप्ता ठेवून चालत नाही.

मग तुम्ही ते केलंत, ज्यासाठी हे पत्र आहे. उठलात, भिंतीकडची जास्तीची खुर्ची ओढून तुमच्या बाजूला ठेवलीत, आणि मॉनिटर माझ्याकडे फिरवलात. त्याची वायर स्टॅम्पपॅडखाली अडकली होती. ती सोडवताना दोन शिक्के खाली पडले, ते तुम्ही वाकून उचललेत आणि म्हणालात, "इकडे येऊन बसा ना. कर्ज तुमचं आहे, तुम्हीच पाहा."

मॅडम, त्या दोन वर्षांत मी मॉनिटरची पाठच पाहिली होती. काळी, धुळकट, मागे चिकटवलेला नोंदणी क्रमांकाचा कागद, एका कोपऱ्यात सोललेला. प्रत्येक वेळी समोरचं माणूस त्या पाठीमागे बसून काहीतरी वाचायचं आणि मला एका वाक्याचं उत्तर द्यायचं. माझं घर, माझा पगार, माझी पंधरा वर्षं त्या बाजूला, आणि मी या बाजूला. तुम्ही स्क्रीन फिरवलीत आणि पहिल्यांदा मला माझं कर्ज दिसलं.

मग प्रिंट काढलीत. त्यावर लाकडी फूटपट्टी आडवी ठेवून एकेक ओळ खाली सरकवत राहिलात, अगदी मी पहिलीच्या मुलांना वाचायला शिकवते तशी. पेन्सिल मात्र माझ्या हातात दिलीत. वजाबाकी मला करायला लावलीत.

पहिल्या महिन्याची ओळ : हप्ता २२,४७१, त्यातलं व्याज १४,५८३, मुद्दल ७,८८८. आणि त्या एप्रिलची ओळ : हप्ता तोच २२,४७१. व्याज १८,२८८. मुद्दल ४,१८३.

मी ती वजाबाकी दोनदा केली. दोन वर्षं भरून झाल्यावर मुद्दलात जाणारी रक्कम वाढायला हवी होती, ती जवळजवळ निम्मी झाली होती. तुम्ही हळू आवाजात सांगत होतात. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवीन फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या व्याजदराची, गृहकर्जं बाहेरच्या दराला, बहुतेक ठिकाणी रेपो दरालाच (रिझर्व्ह बँक ज्या दरानं बँकांना पैसे देते त्यालाच) बांधलेली असतात. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या दहा महिन्यांत रिझर्व्ह बँकेनं तो दर सहा वेळा वाढवून ४ वरून ६.५० टक्क्यांवर नेला. माझं ७ टक्क्यांचं कर्ज साडेनऊवर गेलं. हप्ता तेवढाच ठेवायचा म्हणून मुदत ताणली गेली. मग तुम्ही माझ्याकडून गुणाकार करून घेतलात : ५७ महिने जास्त, गुणिले २२,४७१.

१२,८०,८४७.

शेवटचा हप्ता डिसेंबर २०४०. तेव्हा मी बासष्ट वर्षांची असेन.

मी आठवीला चक्रवाढ व्याज शिकवते. सूत्र झोपेत विचारलं तरी सांगेन. तरी त्या दिवशी माझा हात थरथरला, कारण वर्गातलं मुद्दल कुणाचंच नसतं आणि हे माझं होतं. त्याच कागदावर तुम्ही आणखी एका आकड्याला गोल केलात. कर्ज देताना "हे घ्यावंच लागतं" म्हणून गळ्यात मारलेला विमा, ७८,००० रुपये, कर्जातच मिळवलेला. सात टक्क्यांच्या हिशोबानंही पंधरा वर्षांत त्याचे सव्वा लाख होतात. "असं सक्तीचं नव्हतं, ताई," इतकंच बोललात आणि खाली बघितलंत. चूक तुमची नव्हती. त्या वेळी तुम्ही या शाखेत नव्हतातही. तरी तुम्हाला वाईट वाटलं, हे मी पाहिलं.

मग मी विचारलं, आता काय करू? तुम्ही दुसरा आकडा लिहिलात : २५,८३९. एवढा हप्ता केला तर कर्ज पुन्हा मार्च २०३६ लाच संपतं. म्हणजे महिन्याला ३,३६८ जास्त, पण शेवटपर्यंतचा हिशोब केला तर भरायची एकूण रक्कम साडेसात लाखांनी कमी. मी घाबरत विचारलं की मध्येच थोडे पैसे भरले तर दंड बसतो ना, मला तसं सांगितलंय. तुम्ही ठामपणे मान हलवलीत. वैयक्तिक फ्लोटिंग गृहकर्जावर बँकांना असा दंड घेता येत नाही, २०१२ पासूनच. एकदा पन्नास हजार भरून बघा म्हणालात, आणि मोजून दाखवलंत, शेवटचे सहा हप्ते गळतात. आज भरलेल्या पन्नास हजारांनी तिकडचे दीड लाखाच्या वर वाचतात. आमच्या शाळेच्या भिशीचा नंबर त्या दिवाळीत माझा होता. त्या पैशांतून मला सोफा घ्यायचा होता. सोफा अजून घेतलेला नाही आणि त्याचं काही वाटत नाही.

शाखेचं शटर अर्धं खाली आलं होतं. तुमच्यासाठी कुणीतरी चहा ठेवून गेलं होतं, त्यावर साय धरली होती. मी म्हटलं, तुमचा फार वेळ घेतला. तेव्हा तुम्ही तुमच्या बोलीत म्हणालात, "माझ्या बाबांनीही घराचं कर्ज काढलं होतं. रिटायर झाल्यावरही भरून राहिले होते. त्यांना कोणी सांगितलंच नाही." एवढं बोलून कागदाची घडी घालून माझ्या फाईलमध्ये ठेवलीत.

त्यानंतर चार महिन्यांनी, १८ ऑगस्ट २०२३ ला, रिझर्व्ह बँकेनं परिपत्रक काढलं की दर बदलला तर हप्ता आणि मुदतीवर होणारा परिणाम कर्जदाराला कळवायचा, हप्ता वाढवायचा की मुदत की दोन्ही हे त्याला निवडू द्यायचं, आणि तिमाही विवरणपत्रात भरलेलं मुद्दल, व्याज, उरलेले हप्ते साध्या भाषेत द्यायचे. बातमी वाचली तेव्हा मी स्टाफरूममध्येच होते. शेजारच्या सरांना म्हटलं, आमच्या शाखेतल्या एका पोरीनं हे एप्रिलमध्येच केलं, नियम नसताना. पोरगी म्हटलं म्हणून रागावू नका. तुम्ही तिशीच्या असाल. माझी धाकटी बहीण तेवढीच आहे.

मला वाटतं, चांगुलपणा म्हणजे बहुतेक वेळा समोरच्याला दिसेल असं धरणं एवढंच असतं. औषधाच्या दुकानातला मुलगा "हीच गोळी दुसऱ्या कंपनीची स्वस्तात आहे, काकू" म्हणतो तेव्हा. सिव्हिलमधली सिस्टर रिपोर्टमधली ओळ बोट ठेवून वाचून दाखवते तेव्हा. या माणसांना वरून बक्षीस मिळत नाही, उलट रांग तुंबली म्हणून बोलणीच बसतात. तुम्हालाही त्या दिवशी आतून दोनदा हाक आली होती. तुम्ही "आले" म्हणालात आणि फूटपट्टी पुढच्या ओळीवर सरकवलीत. तो आवाज माझ्या कानात अजून आहे.

ज्यांनी माझ्या सह्या घेतल्या त्यांना हे करणं अवघड नव्हतं. दहा मिनिटं लागली असती. कर्ज घेतानाच कुणी सांगितलं असतं की २५ लाखांचे पंधरा वर्षांत सगळं सुरळीत झालं तरी ४० लाख ४४ हजार होतात, आणि दर वाढला तर त्याहून जास्त, तरी मी घर घेतलंच असतं. भाड्याच्या दोन खोल्यांत सासूबाईंचं आजारपण काढलेलं आहे आम्ही. पण डोळे उघडे ठेवून घेतलं असतं. पहिल्या वर्षापासून भिशी कर्जात गेली असती. कदाचित लहान घर पाहिलं असतं. ती निवड माझी होती, आणि ती मला करू दिली नाही, हे दुःख पैशांच्या दुःखाहून मोठं आहे.

आता तुम्हाला माझी खबर. दोन दिवाळ्यांची भिशी भरली. २०२५ मध्ये फेब्रुवारी ते जून रेपो दर ६.५० वरून ५.५० वर आला, तेव्हा हप्ता कमी करता का असं विचारलं गेलं. मी नाही म्हटलं. २५,८३९ तसाच ठेवला. नवीन विवरणपत्र आलं, फूटपट्टी ठेवून वाचलं. शेवटचा हप्ता सप्टेंबर २०३४. निवृत्तीच्या वीस महिने आधी. हे सांगायलाच पेढे घेऊन आले होते.

तुमचा तो कागद मी आठवीच्या वर्गात नेते. खात्याचा क्रमांक खडूनं झाकते आणि चक्रवाढ व्याजाचा धडा संपला की मुलांना एकेक ओळ वाचायला लावते. गेल्या वर्षी एका मुलीनं घरी जाऊन वडिलांच्या ट्रॅक्टरच्या कर्जाचा कागद आणला. आम्ही दोघींनी मधल्या सुट्टीत बसून तो सोडवला. तिची खुर्ची मी माझ्या बाजूला ओढून घेतली होती.

आणि सोमवारचंही सांगते. पेढे घेऊन परत फिरण्याआधी मी तुमच्या जागेवरच्या नव्या साहेबांसमोर बसले. आमच्या शाळेतल्या नव्या शिक्षिकेला घर घ्यायचं आहे, तिच्यासाठी चौकशी करायची होती. ते स्क्रीनकडे पाहून बोलायला लागले. मी म्हटलं, "सर, जरा इकडे फिरवता का? आम्हालाही बघू द्या." त्यांनी क्षणभर माझ्याकडे पाहिलं. मग वायर सोडवली आणि फिरवली.

तुम्ही जिथे असाल तिथला पत्ता कळला की पेढे पाठवीन. वहिनीसाहेब किंवा ताई म्हणून नको, तुमच्या हुद्द्यावरच पाठवीन.

तुमची,
सातारची एक कर्जदार शिक्षिका