फुटेज संशोधक ताईंना जाहीर आभारपत्र

आदरणीय ताई,
स. न. वि. वि.

१८ जानेवारी १९८२ रोजी सुरू झालेल्या मुंबईच्या गिरणी संपावरील आमच्या माहितीपटाचे संकलन पूर्ण झाले आहे. त्यातील जुन्या चित्रणासाठी आपण जे साहाय्य केले, त्याबद्दल आपले जाहीर आभार मानण्यासाठी हे पत्र लिहीत आहे.

जुने चित्रण शोधणे म्हणजे डबे हुडकणे, असा आमच्या क्षेत्रात समज आहे. आपण मात्र डब्यावरची चिठ्ठी पुरावा म्हणून मान्यच करीत नाही. ‘गिरणी संप, मोर्चा’ एवढेच लिहिलेली १६ मिलिमीटरची फिल्म हाती आली, तेव्हा आपण आधी तिच्या कडेवरची कोडॅकची वर्षचिन्हे पाहिली. ही चिन्हे वीस वर्षांनी पुन्हा येत असल्याने ती फिल्म १९५३ साली तयार झाली की १९७३ साली, हे त्यांवरून ठरत नव्हते. परंतु मोर्चाच्या मागे उभी असलेली अँबॅसडर मोटार पाहून, जिचे उत्पादनच पन्नासच्या दशकाच्या उत्तरार्धात सुरू झाले, आपण पहिली शक्यता बाजूला सारली. नऊ वर्षे पडून राहिलेली फिल्म १९८२ साली कोणी कॅमेऱ्यात घातली असेल, हेही संभवत नव्हते. दृश्य देखणे होते, दिग्दर्शकांना ते सोडवत नव्हते (खरे तर मलाही नाही), तरी संपाच्या निवेदनाखाली ते वापरू नये, हे आपण आम्हाला पटवून दिलेत. आता ते सत्तरच्या दशकाच्या पार्श्वभूमीत, वर्ष न देता आले आहे.

जुनी चौकट आजच्या रुंद पडद्यावर भरण्यासाठी वरून-खालून कापण्याचे ठरत होते, तेव्हा एका चित्रणात कामगारांच्या हातातील फलकावरची मागणीच कापली जात आहे, हे आपण दाखवून दिलेत. दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या राहिल्या, मागणी वाचता आली.

हक्कांबाबतही आपण वेळीच सावध केलेत. १९८२ साली प्रकाशित झालेल्या चित्रपटावरील स्वामित्वहक्क आपल्या कायद्यानुसार २०४२ अखेरपर्यंत टिकतो, त्यामुळे चित्रण जुने आहे म्हणून ते मोकळे आहे, असे आम्हाला धरून चालता आले नसते. प्रत्येक तुकड्यासाठी माध्यम, प्रदेश आणि मुदत लिहून घेतलेले परवाने आज आमच्या फाइलमध्ये आहेत.

आपण काढलेला निष्कर्ष, त्यामागील कारणांसह, त्या डब्याच्या मालकांना लेखी कळवला असून त्यांनी चिठ्ठी बदलण्याचे मान्य केले आहे.

आपला कृतज्ञ,
माहितीपटाचा निर्माता